लांबून दिसणारी नवरी

स्टॉकहोमपासून लांब, तळ्याकाठच्या सुंडबू गावात नवरीला सजवायचं काम लग्न न झालेल्या बाईकडे असे. हा रिवाज कुणी पाडला कोण जाणे. पाडणारा पुरुषच असणार, आणि त्याला बहीण नसणार. चर्चच्या मागच्या कोठडीत लोखंडी पेटी, पेटीत चांदीवर सोन्याचं पाणी दिलेला नवरीचा मुकुट, आणि पेटीची किल्ली हाल्वार्स मारितच्या कमरेला. हाल्वार्स हे तिच्या घराचं नाव. त्या भागात माणसाच्या नावाआधी घराचं नाव लावतात, म्हणजे माणसं येवोत-जावोत, घर ओळखीचं राहतं. मारितच्या घरात आता ती एकटीच उरली होती, तेव्हा घर म्हणजेही तीच आणि माणूस म्हणजेही तीच.

गावातल्या निम्म्याअधिक बायका तिच्या हातून सजून बोहल्यावर गेल्या होत्या. वेण्या ती अशा आवळायची की नवरीच्या भुवया वर चढत आणि बिचारी दिवसभर चकित झालेली दिसे. मुकुटाच्या बाबतीत तर मारित कुणाच्या बापाला ऐकायची नाही. मुकुट बसायचा तो नवरीच्याच डोक्यावर, आणि तिच्या लग्नाच्याच दिवशी. एखादी पोरगी "बघू गं, मला कसा दिसतो," म्हणून पुढे आली की तिच्या हातावर चापटी बसायची. ज्या डोक्याला नवरा नाही त्या डोक्यावर टेकला की मुकुट उष्टा होतो, आणि तो लावणाऱ्या बाईचा हातही उष्टा होतो, असं मारितला तिच्या आधीच्या बाईनं शिकवलं होतं. मारितनं ते गावाला शिकवलं. गाव एवढ्या वर्षांत तिच्याहून कडवं झालं होतं.

ब्रेन्स ऊलोवच्या बायकोलाही तिनंच सजवलं होतं. ऊलोवचं घर समोरच, मध्ये फक्त गाडीवाट. तरुणपणी एक अख्खा उन्हाळा तो आणि मारित एकमेकांबरोबर नाचले होते, गवत कापायलाही शेजारी शेजारी उभे राहिले होते. तो विचारेल म्हणून ती थांबली. तो कशासाठी थांबला होता ते देवाला ठाऊक. बोलणाऱ्याची माती विकते आणि न बोलणाऱ्याचं सोनं विकत नाही म्हणतात, तसं या दोघांचं सोनं पडून राहिलं. पुढं मारितची आई अंथरुणाला खिळली, मुकुटाची किल्ली मारितकडे आली, आणि ऊलोवनं पलीकडच्या काठावरची लिस्बेत केली. त्या दिवशी लिस्बेतच्या डोक्यावर मुकुट ठेवताना मारितचे हात जरासुद्धा थरथरले नाहीत. आपल्या हातांचा तिला पुढं अनेक वर्षं राग येई.

लिस्बेत जाऊन आता दोन हिवाळे झाले होते. सकाळी उठलं की मारित खिडकीशी जाऊन ऊलोवच्या धुराड्यातून धूर निघतोय का बघायची. निघत असला की तिला चूल पेटवायचा उत्साह यायचा. शनिवारी तो करवत नाहीतर चाळण मागायला यायचा, उभ्या उभ्या हवेबद्दल चार शब्द बोलायचा आणि जायचा. एवढ्यावर तिचा आठवडा निघे. त्या उन्हाळ्यात मात्र त्यानं हवेऐवजी दुसरंच सांगितलं: घर विकायला काढलंय, पानं गळायला लागली की दूर येव्हले शहरात मुलीकडे राहायला जाणार. "म्हातारपणी एकट्यानं कशाला राहायचं," तो म्हणाला. हे त्यानं एकट्या बाईच्या दारात उभं राहून सांगितलं आणि चाळण घेऊन गेला.

अशात सिनेमावाले आले. फालूनच्या एका बाईनं फार पूर्वी एक कादंबरी लिहिली होती, शेतकऱ्याची मुलगी आणि राजाच्या फौजेतला शिपाई यांच्या प्रेमाची. युद्ध, ताटातूट, शेवटी लग्न, सगळा मसाला होता. सुंडबूतली माणसं भाविक, बायबलखेरीज काही वाचत नाही असं सांगणारी. पण ती कादंबरी घराघरात होती आणि कुठल्याही घरातली उघडली तरी त्याच पानावर उघडायची, जिथं नवरानवरी लांब होडीत बसून तळ्यावरून चर्चला जातात. ती होडी, ते तळं, ते चर्च सुंडबूचंच, म्हणून स्टॉकहोमची मंडळी कॅमेरे घेऊन इथंच उतरली.

दिग्दर्शकाचं नाव लिंडरूट. माणूस हुशार. कॉफी तेव्हा रेशनवर होती, म्हणून तो मारितकडे पिशवीभर कॉफी घेऊनच आला.

"बाई, तुमचा मुकुट आम्हाला एक दिवस हवाय," तो म्हणाला.

"नवरी कोण?"

"विव्हेका स्टोल्ट. नटी आहे, मोठी नटी."

"लग्न कुणाशी करतेय?"

"खरं लग्न नाही हो. सिनेमातलं."

"मग मुकुटपण सिनेमातलाच कर. पुठ्ठा असेलच की तुझ्याकडे."

लिंडरूट जरा दचकला. त्या भागात राजालाही 'तू' म्हणतात हे त्याला कुणी सांगितलं नसावं. पण कॉफी ठेवून तो निमूट गेला आणि पुठ्ठ्याचा मुकुट करवून घेतला. चर्चमधल्या चित्रीकरणाला तो चालून गेला. घोडं अडलं ते होडीच्या दृश्याला. काठावर कॅमेरा, तळ्याच्या मध्यावर होडी, आणि एवढ्या लांबून पुठ्ठ्यावर ऊन काही चमकेना. नवरीनं डोक्यावर पाव ठेवलाय असं दिसायला लागलं. लिंडरूट पाद्रींकडे गेला. पाद्रींना सिनेमाचं भारी वेड. ते हो म्हणाले, आणि लिंडरूट पुन्हा मारितच्या टेबलाशी येऊन बसला.

"पाद्री हो म्हणाले. अट एकच, मुकुटाला तुमच्याशिवाय कुणी हात लावायचा नाही."

"बरोबर आहे."

"आणि विव्हेकाबाईंच्या डोक्यावर तुम्ही तो ठेवणार नाही."

"मेले तरी नाही."

"मग तुम्हीच बसा होडीत."

मारितला वाटलं, याला दार दाखवावं. तो घाईघाईनं म्हणाला, "एवढ्या लांबून वय दिसत नाही बाई. फक्त पाठ ताठ पाहिजे. तुमच्याइतकी ताठ पाठ मी कुठं पाहिली नाही."

"आणि नवरदेव?" नकार द्यायचा तर पुरता द्यावा, म्हणून तिनं विचारलं.

"आमचा नायक पाण्याला भितो. त्याचे कपडे त्या समोरच्या ऊलोवला अगदी बरोबर बसले."

मारितनं साखरेचा खडा दातांत धरला, कॉफी बशीत ओतली आणि एका दमात संपवली. मग बशी खाली ठेवून म्हणाली, "केव्हा?"

ही बातमी गावात पोचायला वेळ लागला नाही. शेजारची स्मेड्स ब्रिता, जिची जीभ तिच्या लोहार नवऱ्याच्या भात्यासारखी सदा फुसफुसायची, पदर खोचावा तसा एप्रन खोचून हजर झाली.

"मारित, तुझं डोकंबिकं फिरलंय का? दुसऱ्यांच्या पोरींना चापट्या मारायच्या आणि आपण स्वतः मिरवायचं?"

"सिनेमा आहे तो, ब्रिता."

"सिनेमा असेल. मुकुट खरा आहे ना? डोकं खरं आहे ना? आमच्या इंग्यार्डचं लग्न नाताळानंतर आहे. उष्ट्या हातानं मी माझ्या पोरीची वेणी घालून घेणार नाही, आधीच सांगून ठेवते. मागनं रडू नकोस."

ब्रिता उगाच बोलत नव्हती. होडीत बसलं तर आपल्या हातची सगळी लग्नं जातील, हे मारितला कळत होतं. आणि लग्नं गेली तर तिच्या दारात कोण येणार होतं? नवरीला सजवायच्या सकाळी त्या त्या घरात तिला खुर्ची असे, कॉफी असे, सात प्रकारची बिस्किटं असत, बायकांची चेष्टामस्करी असे. बाकीचे दिवस तिचे तिच्यापाशी. तरीही तिनं ठरवलं. होडीत तो शेजारी असेल, उठून चाळण घेऊन निघून जाऊ शकणार नाही. या खेपेला तो बोलला नाही तर आपण बोलायचं. ऊलोव, मला तुझ्याबरोबर यायचंय, एवढंच म्हणायचं. तिनं वाक्यसुद्धा बांधून ठेवलं.

त्या सकाळी तिनं स्वतःच्या वेण्या स्वतःच घातल्या. दुसऱ्यांच्या डोक्यावर सराईतपणे चालणारी बोटं आपल्या डोक्यामागे अडखळायला लागली. तांबडीपांढरी फीत दोनदा सुटली. सजवणाऱ्या बाईला कोण सजवणार? आरशात पाहून तिनं मुकुट उचलला, ठेवला, टाचण्या खोचल्या, आणि आरशातल्या बाईकडे जास्त वेळ बघितलं नाही. आपण छान दिसतोय असं वाटलं असतं तर तिला ते सोसलं नसतं.

होडी लांबलचक, दोन्ही बाजूंना वल्हेकरी, सगळे जुन्या पद्धतीच्या पांढऱ्या कोटात. पुढच्या टोकाला सारंगीसारखं वाद्य घेतलेला म्हातारा जीव खाऊन वाजवत होता. मागच्या टोकाला नवरानवरी. सगळ्यात जवळ बसलेला वल्हेकरी ठार बहिरा होता, त्यामुळे तिथं काय बोललं जातंय ते फक्त बोलणाऱ्यांनाच कळत होतं. नवरीनं चर्चच्या घंटाघरावरची नजर काढायची नाही, मान वळवायची नाही, असा रिवाज. तो मारितइतका कुणाला पाठ होता?

"जरा हल की गं," ऊलोव म्हणाला. "काठी गिळल्यासारखी बसलीयस."

"हलले तर मुकुट हलेल."

"हलू दे. हलण्यासाठीच तर पानं लावलीत त्याला."

खरंच, मुकुटाला चांदीची बारीक पानं लोंबत होती आणि वल्ह्यांच्या प्रत्येक झटक्याला किणकिणत होती. बाहेरून तिनं तो आवाज आयुष्यभर ऐकला होता. आतून तो निराळाच ऐकू यायचा, कानाच्या अगदी वर, आपल्यापुरताच. इतक्या पोरी सजवल्या, पण हे एकीनंही तिला सांगितलं नव्हतं.

काठावरून भोंग्यातून लिंडरूट ओरडला, "नवरदेव! हात धरा! अहो हात, नवरीचा हात!"

"धर रे ऊलोव," एक वल्हेकरी खदखदला, "नाहीतर संध्याकाळपर्यंत वल्हवायला लावेल हा माणूस."

ऊलोवनं तिचा हात धरला. त्याचा हात खरखरीत होता, गरम होता, डांबराचा वास येत होता त्याला. मारितच्या मनात आलं, आता होडी बुडाली तरी चालेल. होडी बुडाली नाही, पण दृश्य बिघडलं, कारण मध्येच वाफेची बोट आली. पुन्हा मागे जा, पुन्हा वल्हवा. मग ढग आला. पुन्हा मागे. दर खेपेला भोंगा ओरडायचा आणि दर खेपेला ऊलोव नव्यानं हात धरायचा. मारित मनातल्या मनात ढगांना दुवा देत होती.

"लिस्बेत म्हणायची," शेवटच्या फेरीला ऊलोव म्हणाला, "तुझ्या वेण्यांनी तिचं डोकं आठवडाभर ठणकत होतं."

"आवळाव्या लागतात."

"रागानं आवळल्यास म्हणायची. मी म्हणायचो, छे, तिला कशाचा राग असणार?"

याहून उघडं दार आयुष्यात मिळणार नव्हतं. मारितनं श्वास घेतला. "ऊलोव," ती म्हणाली, आणि त्याच वेळी तोही म्हणाला, "मारित..."

"बोल तू."

"नाही, तू बोल आधी," ती म्हणाली.

ऊलोव पाण्याकडे बघत राहिला. "बरेच दिवस मनात आहे बघ. विचारीन विचारीन म्हणतो आणि तुझ्या दारात आलो की लाज वाटते. चाळण मागून तसाच परत फिरतो मी. पण आता जायची वेळ आली, आता नाही विचारलं तर राहूनच जाईल."

मारितचं काळीज असं धडधडायला लागलं की पानं त्यानंच वाजताहेत असं तिला वाटलं. रिवाज गेला खड्ड्यात. तिनं घंटाघर सोडलं आणि मान पूर्ण वळवून त्याच्याकडे पाहिलं. वाद्याचा आवाज फार होता, म्हणून तो तिच्या कानाशी वाकला.

"जावयाला शिंका येतात," तो म्हणाला. "मांजर घरात नकोच म्हणतो. आमची मोन्स तू ठेवशील का? तुला ओळखते ती, तुझ्याकडे रमेल."

होडी पुढं चालली होती. वल्ही एका लयीत पडत होती. मारितला त्याचा कान दिसत होता, कानातले पांढरे केस दिसत होते, आणि बांधून ठेवलेलं वाक्य जिभेवर तयार होतं.

"ठेवीन," ती म्हणाली.

"ठेवशील? मोठं ओझं उतरलं बघ माझं!" त्यानं आनंदानं तिचा हात दाबला. काठावर लिंडरूट टोपी उडवून नाचायला लागला होता. भोंग्यातून आवाज आला, "झालं! हेच हवं होतं! काय सुंदर! झालं!"

"आणि तू काय म्हणत होतीस?" ऊलोवनं हात सोडत विचारलं.

"काही नाही. मुकुट जड आहे, एवढंच."

पानं गळायला लागली तसा ऊलोव गेला. मोन्सला टोपलीतून आणून दिलं, ती काय खाते ते सांगितलं, हात मिळवला आणि गेला. घर घेणारे लोक उन्हाळ्यापुरते येणारे होते, तेव्हा समोरच्या धुराड्यातून धूर निघायचा प्रश्न मिटला. मारित सकाळी सवयीनं खिडकीशी जायची आणि स्वतःवर चिडून परत यायची.

नाताळच्या आधी पाद्रींची बायको आली. फार गोड बोलली. म्हणाली, "तू किती वर्षं राबलीस मारित, आता जरा विसावा घे." किल्ली कमरेची काढून देताना मारितनं विचारलं, "कोण करणार?" त्यावर तिनं पलीकडच्या गावातल्या शिक्षिकेचं नाव सांगितलं. इंग्यार्डच्या लग्नाला मारितला बोलावणं होतं, पण ते मागच्या बाकाचं. नवरी आत आली तेव्हा मारितनं पाहिलं, वेण्या सैल होत्या, मुकुट डावीकडे कलला होता. तिचे हात मांडीवर आपोआप हलले आणि तिनं ते एकमेकांत घट्ट धरून ठेवले. ब्रितानं चर्चबाहेर तिच्या बशीत जास्तीचा केक वाढला. मनानं ती वाईट नव्हती, फक्त पोरीच्या संसाराला भीत होती.

फेब्रुवारीत सिनेमा त्या भागात आला. तळ्यापलीकडच्या सभागृहात रविवारी दुपारी खेळ होता, आणि सुंडबूची झाडून सगळी माणसं गोठलेल्या तळ्यावरून चालत गेली. मारितला ब्रिताच्या शेजारी जागा मिळाली. पडद्यावर शिपाई युद्धावर गेला, विव्हेका स्टोल्टनं टपोरे अश्रू ढाळले, शिपाई लंगडत परत आला. मग होडी आली.

तळ्याच्या मध्यावर मुठीएवढी होडी, तिच्या टोकाला एक चमचमणारा ठिपका. ठिपका आधी ताठ होता. मग तो हळूच वळला, शेजारची काळी आकृती त्याच्याकडे वाकली, आणि दोन्ही मिळून एक झाली. सगळ्या सभागृहानं एकदम सुस्कारा सोडला. ब्रितानं नाक पुसलं. पुढच्या बाकावरची कुणीतरी म्हणाली, "देवा, कसं बघितलं गं तिनं!" स्टॉकहोमच्या वर्तमानपत्रांनी म्हणे याच जागेची फार तारीफ केली होती. आपल्या देशात प्रेम इतकं खरं कधी दिसलं नव्हतं, असं लिहिलं होतं.

ब्रिता कानाशी आली. "मारित, खरं सांग हं. काय म्हणाला गं तो तेव्हा?"

"मांजर सांभाळशील का म्हणाला."

ब्रिता तोंडावर हात घेऊन हसली, तिनं पलीकडच्या बाईला सांगितलं, तीही हसली. "सांगायचं नसेल तर नको सांगूस बाई! पण काही तरी असल्याशिवाय बाई असं बघत नाही. आणि आम्हाला वाटायचं, हिला बिचारीला कुणीच नाही!" तिच्या आवाजात चक्क हेवा होता. मारितही हसली. हसण्याखेरीज करण्यासारखं तिथं काही नव्हतं.

खेळ सुटला तेव्हा बाहेर काळोख पडायला लागला होता. माणसं घोळक्यानं बर्फावरून परत निघाली. मारित मुद्दाम मागे रेंगाळली, कंदील सगळे पुढे जाऊ दिले. इतके महिने ती ऊलोववर मनातून रागावली होती. मांजराबद्दल विचारायला लाज वाटली त्याला, आणि मी, मी दिसले नाही! पण पडद्यावर लांबून पाहिलं तेव्हा तिला जे दिसलं होतं ते दुसऱ्या कुणालाच दिसलं नव्हतं. तो वाकला, त्यानं विचारलं. जे काही होतं ते, त्यानं विचारलं. लाज गिळून विचारलं. नवरीचं डोकं मात्र नुसतंच चमकत राहिलं.

तळ्याच्या मध्यावर आल्यावर ती थांबली. घंटाघर कुठं आणि काठ कुठं ते पाहून तिनं अंदाज घेतला. होडी इथंच कुठंतरी होती, पायाखाली, जिथं आता हातभर बर्फ होतं. पुढचे कंदील लांब गेले होते. मागे कुणी नव्हतं.

"ऊलोव," ती मोठ्यानं म्हणाली, "मला तुझ्याबरोबर यायचंय."

आवाज बर्फावरून जरा लांबवर गेला आणि थांबला. एका श्वासाचं काम होतं. पुन्हा म्हणून बघावं म्हणून तिनं तेच वाक्य पुन्हा म्हटलं, आणि ते पहिल्यापेक्षाही सोपं गेलं.